पाखरांचं पाणी

पाखरांच्या पाण्याची दगडी डोणी पुन्हा कोरडी होती. सुमनबाईंनी तळाला बोट लावून पाहिलं आणि बाभळीची आणखी एक फांदी ओढून डोणीभोवती अडकवली.

"आता ये बघू, मेल्या बोक्या," कुंपणाकडे बघत त्या म्हणाल्या.

पारनेर तालुक्यातल्या त्या गावात नर्स म्हणून येऊन त्यांना तीन वर्षं झाली होती. नवरा वारलेला, मूलबाळ नाही. दवाखान्यामागच्या दोन खोल्या आणि परसात एक लिंब. अंघोळीच्या पाण्यावर त्यांनी तिथे कर्दळ जगवली, वळचणीला मडकं टांगलं. मडक्यात चिमण्यांनी घर केलं, मग बुलबुल आले, साळुंक्या आल्या. त्यांच्यामागे बोका आणि कावळेही आले. त्यांना हाकलण्यात सकाळ जायची.

माणसं मात्र परसात कधी आली नाहीत. सुमनबाई बौद्ध होत्या. गावाने बाळंतपणं त्यांच्या हातून करून घेतली, पण चहाची त्यांची कपबशी गोठ्याच्या कोनाड्यात वेगळी ठेवली.

त्र्याहत्तरच्या उन्हाळ्यात विहिरी आटल्या. टँकर दिवसाआड यायचा. सगळ्यांचं भरून झालं की कुणीतरी सुमनबाईंच्या दोन हंड्यांत वरून पाणी ओतायचं. त्यातलं अर्धी कळशी पाणी त्या पाखरांसाठी काढायच्या.

एके दिवशी दुष्काळी कामावर खडी फोडणाऱ्या बायांची मलमपट्टी करून त्या दुपारीच परतल्या. परसात खुडबुड ऐकू आली. काठी घेऊनच त्या मागे गेल्या.

डोणीशी गावातल्या आक्काबाईंची सून पुष्पावती बसली होती. काटे बाजूला सारून वाटीवाटीने कळशी भरत होती. मनगटावर रक्ताचे ओरखडे उठले होते.

"अगं, मागायचं की! घरात हंडा भरलाय."

"घरातलं नगं, बाई." ती गडबडीने उठली. "अंगावरचं दूध आटलंय. पोरगं रडून रडून निपचित पडतंय. घरातलं पानी आदी जनावरांना, मग गड्यांना."

"मग ने ना हंड्यातलं."

"आत्याबाई इचारत्यात, कुठलं पानी म्हनून. पाखरांचं म्हनलं की चालतंय. पाखरांना इटाळ नसतो म्हनत्यात."

"माझ्याच हंड्यातलं आहे ते."

"मला ठावं हाय की."

सुमनबाईंनी काठी भिंतीला टेकवली. "तुझं पोरगं निळं पडलेलं जन्मलं. त्याच्या तोंडाला तोंड लावून मी श्वास फुंकला. तेव्हा चाललं?"

"तुमी गेल्यावर समद्या घरात गोमूत्र शिंपडलं. पोराच्या अंगावर बी." पुष्पावतीने कळशी कमरेवर घेतली. "उद्या येऊ का नगं?"

ती गेल्यावर सुमनबाईंनी काटे उचलले आणि कुंपणाबाहेर टाकून दिले.

दुसऱ्या दिवसापासून त्या डोणी काठोकाठ भरू लागल्या. अंघोळी बंद केल्या, नुसतं अंग पुसून घेऊ लागल्या. कर्दळ वाळून गेली. काटे निघाल्यावर बोक्याने पाण्यावर आलेले दोन बुलबुल मारले. रोज ये-जा करणाऱ्या माणसाला बुजून साळुंक्याही यायच्या थांबल्या.

महिन्याभराने आक्काबाईंनी त्यांना देवळापुढे हाक मारली. हातातलं फडकं त्यांनी लांबूनच पारावर ठेवलं.

"पसाभर जुंधळं हायती, नर्सबाई. पाखरांना घाला. त्यांच्या पान्यावर आमचं बाळ जगलं बघा. लई पुन्याची पाखरं."

त्यांच्यामागे पोराला घेऊन पुष्पावती उभी होती. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. सुमनबाईंनी तिच्याकडे पाहिलं, मग पोराकडे. पोराच्या गालांवर तकाकी आली होती.

"घालते," त्या म्हणाल्या आणि फडकं उचललं.

घरी येऊन त्यांनी जोंधळे लिंबाखाली पसरले आणि उंबऱ्यात बसून राहिल्या. ऊन भिंतीवर चढलं तरी एकही पाखरू उतरलं नाही.

पुष्पावतीची यायची वेळ झाली. सुमनबाई उठल्या, हंडा आणून डोणीत रिता केला. मग आत जाऊन परसाकडचं दार लावून घेतलं.