सातव्या नंबरचा माणूस

पाचवा गडी बाद झाला तसा अँगस टलक उठला, हेल्मेट डोक्यावर बसवलं आणि पॅव्हेलियनच्या पायऱ्या उतरला. मागून कुणीतरी सवयीनं म्हणालं, "जा दादा, सांभाळ." बाद होऊन परतणारा पोरगा शिव्या पुटपुटत त्याच्या खांद्याला घासून गेला. दक्षिण ध्रुवाकडून बोचरा वारा सुटला होता.

देशाच्या पार दक्षिण टोकाच्या या इन्व्हरकार्गिलला सामना बघायचा तो गाडीत बसून. सीमारेषेला नाक लावून रांगेनं उभ्या गाड्या, काचा वर, आत म्हातारी जोडपी, मांडीवर थर्मास आणि कागदात गुंडाळलेले चीज रोल. टाळ्या वाजवायला काच खाली करावी तर थंडी आत येते, म्हणून चौकाराला हॉर्न आणि अर्धशतकाला जरा लांबलेला हॉर्न.

प्रांताच्या संघातल्या तेरा मोसमांत अँगसनं हे हॉर्न पुष्कळ ऐकले होते, बहुतेक दुसऱ्यांसाठी वाजलेले. तो सातवा फलंदाज आणि पाचवा गोलंदाज. घसरगुंडी झाली की त्याची आठवण व्हायची, नाहीतर मुख्य गोलंदाज दमले की. फलंदाजांना तो गोलंदाज वाटे, गोलंदाजांना फलंदाज. जेवताना दोन्हीकडचे आपापल्या गप्पांत असत आणि मधे बसलेला तो मिठाची बाटली इकडून तिकडे देत असे. एकदा राष्ट्रीय संघानं त्याला बोलावलं होतं. कुणाची तरी मांडी दुखावली होती. ती तिसऱ्या दिवशी बरी झाली.

काल संध्याकाळी मोटेलच्या आवारात मरेनं, त्यांच्या प्रशिक्षकानं, त्याला बाजूला घेतलं होतं.

"पुढच्या मोसमात तुला घेता येणार नाही, अँगस."

"बरं."

"उद्या सगळ्यांना सांगू का? तू खेळायला निघालास की पोरं दोन रांगा करून उभी राहतील. तेवढा मान आहे तुझा."

"नको. कुणाला सांगू नकोस."

"घरी तरी सांगितलंस?"

"सांगतो."

त्यानं फोन लावलाही होता. इकडचं तिकडचं बोलणं झालं आणि तेवढं एक न सांगताच त्यानं फोन ठेवला. दरवर्षी मार्चमध्ये मोसम संपत आला की तो बायकोला, ब्रॉनविनला म्हणायचा, "अजून एक मोसम." ती "हं" म्हणायची. त्या "हं"वर तिनं डनेडिनच्या दवाखान्यातली नोकरी सोडली होती आणि ओमारूच्या घरात उन्हाळेच्या उन्हाळे एकटीनं काढले होते. आता सोबतीला आठ महिन्यांचा मुलगा होता, फिन, एवढाच काय तो फरक. ज्याच्यासाठी हे सगळं चाललं होतं ते संपलं, हे फोनवर कसं सांगायचं? आजच्या डावात निदान तीस-चाळीस धावा व्हाव्यात, एवढंच त्याला हवं होतं. तिच्यासमोर अगदीच रिकाम्या हातानं उभं राहायला नको.

मोसमातला हा शेवटचा सामना गेल्यातच जमा होता. फॉलोऑन मिळाला होता आणि डावानं हरायचं फक्त बाकी होतं. यानंतर त्याच्या वाट्याला ना बॅट येणार होती, ना चेंडू.

"या आजोबा," यष्टींमागून यष्टिरक्षक म्हणाला. "लवकर उरका. आम्हाला विमान गाठायचंय."

"सामान भरून ठेवलंय वाटतं."

"नाष्ट्याच्या आधीच."

पहिला चेंडू त्यानं सोडून दिला. दुसरा आत वळेल म्हणून पाय पुढे टाकला. तो सरळच राहिला, बॅटची कड घेऊन यष्टिरक्षकाच्या हातात गेला.

आणि गाड्यांच्या रांगेतून हॉर्न वाजला. लांबलचक. थांबला, पुन्हा वाजला.

क्षेत्ररक्षक हसले. स्लिपमधला म्हणाला, "गावात कुणाशी वाकडं आहे का रे तुझं?"

शून्यावर बाद झालेल्याला इथं आजवर कुणी हॉर्न वाजवला नव्हता. अँगसची कानशिलं तापली. आत जाऊन त्यानं हेल्मेट आणि ग्लोव्ह्ज बाकावर टाकले. कुणी त्याच्याकडे बघितलं नाही. बाद झालेल्याकडे बघायचं नसतं. तो पॅड न सोडता मागच्या दारानं बाहेर पडला आणि गाड्यांच्या कडेकडेनं चालू लागला. हॉर्न वाजवणाऱ्याचं तोंड त्याला एकदा बघायचं होतं.

रांगेच्या टोकाला चिखलानं माखलेली निळी गाडी उभी होती. त्याचीच. स्टीअरिंगमागे ब्रॉनविन, तिच्या मांडीवर फिन, त्याचे दोन्ही हात स्टीअरिंगवर.

"मी याची बाटली शोधायला वाकले," काच खाली करत ती म्हणाली, "आणि हा हॉर्नवर चढला. दोनदा. शेजारचे आजोबा अजून डोळे वटारताहेत."

"एकटी आलीस? एवढ्या लांब?"

"उजाडता निघाले. वाटेतल्या गोर गावापर्यंत हा झोपला होता. मग रडला."

"सांगायचंस तरी. आज मी अगदीच..."

"बघितलं. दोन चेंडू." ती त्याच्याकडे बघत राहिली. "शेवटचे होते ना?"

अँगसनं दाराच्या कडेवर हात ठेवला.

"मरेचा फोन आला होता?"

"कुणाचा नाही. काल तू विचारलंस, फिनला दात आला का. सामना चालू असताना तू कधी दाताबिताचं विचारत नाहीस."

तिचा सूर तक्रारीचा नव्हता. ती वारा पडला म्हणावं तशी म्हणाली होती. इतक्या वर्षांचे संध्याकाळचे फोन त्याला आठवले. खेळपट्टी, वारा, खांदा. फोन ठेवल्यावर ती काय करत असे, हे मात्र त्याला आठवेना, कारण ते त्याला कधी ठाऊकच नव्हतं.

तो पलीकडून जाऊन तिच्या शेजारी बसला. पॅड बांधलेले गुडघे मावेनात, तेव्हा त्यानं सीट मागे सरकवली. फिननं त्याच्याकडे झेप घेतली. मैदानात कुणीतरी चौकार मारला, आजूबाजूला चार-दोन हॉर्न वाजले. गाडीत कुणी मान वळवली नाही.

"दाखव बघू," अँगस म्हणाला. बोट शर्टाला पुसून त्यानं फिनच्या तोंडात घातलं. फिन कडकडून चावला.

"आहे की. चांगला धारदार आहे."

ब्रॉनविन आता समोर मैदानाकडे पाहत होती.

"दोन आहेत," ती म्हणाली. "पहिला जानेवारीतच आला."