बाईची वाक्यं

लेफ्टेरिस कोर्वास हे नाव कर्जतमध्ये सात-आठ जणांना माहीत होतं आणि त्या सगळ्यांना ते नानांनीच सांगितलं होतं. नाना ज्या शाळेत शिकवून निवृत्त झाले, तिथल्या हॉलमध्ये महिन्यातल्या शेवटच्या शनिवारी ते त्याचे सिनेमे दाखवत. हा ग्रीक माणूस स्वतः लिही, स्वतः दिग्दर्शन करी आणि कामही स्वतःच करी. पहिल्या सिनेमात तो मेंढपाळ झाला, कारण ठरलेला नट आलाच नाही; मग सवयच लागली. नवरा झाला, बाप झाला, शेवटी कुणाचाच कुणी नसलेला म्हातारा. मधली दहा वर्षं त्याला कुणी विचारलं नाही. त्या वर्षांबद्दल नाना घरातलं माणूस आजारी असल्यासारखे बोलत.

नाना पडद्यावर खाली उमटणाऱ्या इंग्रजी ओळींवरून मराठी संवाद वहीत उतरवत आणि पडद्याशेजारी बसून मोठ्याने वाचत. पुरुषांची वाक्यं त्यांची, बायकांची त्यांच्या मुलीची, सुचेताची. नऊ वर्षांची असल्यापासून ती कोर्वासची आई, बायको, मुलगी होत आली होती.

एकोणिसाव्या वर्षी तिने कॉलेजच्या मैत्रिणींना आणलं. ग्रीक दाढीवाला शेजारच्या दहिवलीच्या एखाद्या काकासारखा बोलायला लागला तशा त्या हसल्या, आणि हसतच राहिल्या.

घरी जाताना ती म्हणाली, "नाना, पुरे झालं आता. खाली लिहिलेलं असतं की. ज्याला हवं तो वाचेल."

"बरं," नाना म्हणाले.

त्यानंतर ती गेली नाही. लग्न होऊन शेलूला राहायला गेली, अवघ्या तीन स्टेशनांवर, तरी नाही.

नाना गेले त्याला महिना झाला, तेव्हा ती हॉलमधलं त्यांचं कपाट रिकामं करायला आली. सिनेमाला नेहमी येणारा ठाकुरवाडीचा लडकू खुर्च्या मांडत होता.

"आज कुणासाठी, लडकूमामा?"

"शनवार हाय ना. नानानं सिनेमा काढून ठेवलाय. दाढीवाल्याचा शेवटचा."

कपाटात वह्या होत्या. पुरुषांची वाक्यं निळ्या शाईत, बायकांची लाल. ती यायची थांबली त्यानंतरच्या वह्यांतही लाल ओळी तशाच, एकही गाळलेली नव्हती.

"ही लाल वाक्यं कोण वाचायचं?"

"कुनी नाय. बाय बोलाय लागली का नाना गप. मी म्हनलो, तुमीच बोला की बारीक आवाजात. तर म्हनले, ती सुचेताची हायत." लडकूने खुर्ची सरळ केली. "मंग आमी बाईच्या तोंडाकडं बघून जुळवायचो. एकदा ती घर सोडून निघाली, आमाला वाटलं बाजाराला चालली."

"पण खाली लिहिलेलं..."

लडकूला वाचता येत नव्हतं. हे तिला लहानपणापासून ठाऊक होतं.

पाच वाजता सहा माणसं आली. सुचेता नानांच्या खुर्चीवर बसली आणि निळं-लाल दोन्ही वाचत गेली. शेवटी म्हाताऱ्या कोर्वासच्या दारात त्याची मुलगी उभी राहिली. सुचेताने लाल ओळ वाचली, "यायला फार उशीर केला मी."

कोर्वासचे ओठ हलले.

मागून लडकूने विचारलं, "म्हातारा काय म्हनला गं?"

सुचेताचं बोट केव्हाचं निळ्या ओळीवर होतं. तिने वाचलं, "बरं."