पोरगी हजर करा

नागपूरच्या हायकोर्टाचा कागद झरी जामणीजवळच्या तांड्यावर आला आणि लालीबाई चोर ठरली. चोरलं काय, तर पोटची पोर. सहा वर्षांच्या रुपीला तिने बेकायदा डांबून ठेवलंय, असा अर्ज तिच्या दिराने, किसनसिंगने केला होता. हेबियस कॉर्पस म्हणतात त्याला. पोरगी तारखेला हजर करा, एवढंच त्यात कामाचं.

नवरा वारल्यावर वर्ष सरायच्या आत दिराने रुपीची सगाई उरकली आणि रीतीप्रमाणे मुलाकडचे दोन बैल गोठ्यात बांधले. दुसऱ्या दिवशी लालीबाई पोरीला घेऊन, गुडघाभर पाण्यातून पैनगंगा उतरून माहेरी आली. नदीपल्याड आंध्र, अल्याड महाराष्ट्र. किसनसिंगने आदिलाबादच्या कोर्टातून पालकपणाचा हुकूम काढला. तो अल्याड कोणी जुमानेना, म्हणून आता नागपूर.

"इथल्या जंगलात ठेवू पोरीले," थोरला भाऊ देवीलाल म्हणाला. "कोर्टात नेली का गेली समज."

"कायले? लपवते तो चोर. मी माय आहो तिची."

बस बदलत तिघं नागपूरला पोचली.

किसनसिंगचा वकील अर्धा तास बोलला. गोत्र काढलं, घराणं काढलं, आदिलाबादचा हुकूम वाचला. बैलांचं मात्र नाव नाही. लालीबाईच्या बाजूने वकील नव्हता आणि समोरच्या भाषणातलं तिला ओ की ठो कळत नव्हतं. पण सगळे रुपीकडे बाजारातल्या कालवडीकडे पाहावं तसे पाहत होते, ते कळत होतं. तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. कोणी पुकारायच्या आत ती उभी राहिली.

"सायेब, याले एकच इचारा. याच्या गोठ्यात नवे बैल कोठून आले?"

वकिलाने हरकत घेतली. न्यायमूर्तींनी त्याला बसवलं आणि किसनसिंगला पुढे बोलावलं.

शहाणा असता तर इथे तोंडात गुळणी धरून बसला असता. पण किसनसिंगला त्यात लपवण्यासारखं काही वाटेना. उलट त्याच्या मते हाच सगळ्यात पक्का पुरावा होता, आणि वकील इतका वेळ तो सोडून नको ते बोलत होता.

"रुपीचे आहेत, सायेब," तो छाती काढून म्हणाला. "तिची सगाई केली मी. ज्याच्या दारात पोरीचे बैल येते, तोच पोरीचा वाली. आमच्या पंचायतीले इचारा."

वकिलाने चष्मा काढून डोळे मिटले.

निकाल दुपारी लागला. परराज्यातला हुकूम कोर्टाने पाहिला, पण मुलीचं हित त्या हुकमाहून मोठं मानलं. बापामागे आईच पालक. रुपी आईजवळ राहील.

बाहेर येताच देवीलालला आभाळ ठेंगणं झालं. "जिंकलो बाई. आता हिचा वाली मी. पुसदकडचं एक घर हाये माह्या नजरेत. चांगली मानसं हायेत. बैल आता आपल्या दारात येतीन."

लालीबाई थबकली. याच भावाने तिला आसरा दिला होता, तांड्याची बोलणी खाल्ली होती. त्याच्यावर तिचा जीव होता. तिने रुपीचा हात घट्ट धरला.

"दादा, या कोर्टाची वाट मले आता ठाऊक झाली," ती म्हणाली. "पुढचा कागद तुह्या नावाचा निघन."