बोका दारातच उभा आहे

माघारीचा हुकूम मोडून माझा भाऊ मागे राहिला आणि स्वतःच्या चुकीने मेला, असं साहेब, त्याच्या तुकडीचे प्रमुख म्हणून तुम्ही वहिनीला तोंडावर सांगितलंत. साफ खोटं बोललात.

सैन्यात जाण्याआधी तो आणि मी एकाच संगणकावर लढाईचा एक खेळ खेळायचो. नुसत्या धडाधड गोळ्या झाडायच्या नव्हत्या त्यात. आधी नकाशावर आखणी करायची: कोण कुठून शिरणार, कोण कुठे थांबणार, कोणत्या इशाऱ्यावर निघणार. मी आगाऊ. सगळ्यांना एकदम आत घुसवायचो आणि आपलीच माणसं मारून घ्यायचो.

"गाढवा, परतीची वाट कोण राखणार? तुझा काका?" असं म्हणत टपली मारून तो स्वतःला शेवटच्या दारात उभा करायचा. खेळातलं त्याचं नाव बोका.

परवा दुपारी वहिनीच म्हणाली, "भाऊजी, तो तुमचा खेळ लावा ना. बघू तरी, हे काय करत बसायचे."

नवा संगणक त्या खेळाला ओळखच दाखवेना. शेवटी त्याला जुना असल्याचं सोंग घ्यायला लावलं, तेव्हा कुठे रुंद पडद्याच्या मधोमध एक चिमुकली चौकट उघडली. भावाच्या आखण्या जुन्या डिस्कवर जशाच्या तशा होत्या. एक चालू केली.

माणसं आत शिरली, ओलीस धरलेल्यांना सोडवून बाहेर पडली. बोका दारातच. त्याच्या नावापुढे लिहिलेलं: इशाऱ्याची वाट पाहत आहे.

मी इशाऱ्याचं बटण दाबलं. ढिम्म. पुन्हा दाबलं. बोक्याने मान वळवली, बंदूक सावरली, परत तसाच उभा.

"निघा ना आता. सगळे गेले," वहिनी म्हणाली. माझ्याशी नाही.

"वहिनी, खेळ आहे तो."

"तुम्ही बटण दाबा हो!"

दाबत राहिलो. बोट दुखेपर्यंत.

तेव्हापासून तिने संगणक बंद करू दिलेला नाही. घर झाडताना, कपडे वाळत घालताना मध्येच येऊन बघून जाते. तो उभाच असतो.

बटण का चालत नाही ते मी शोधून काढलं. खेळ जुना, यंत्र नवं. इशारा त्याच्यापर्यंत पोचतच नाही. हे माझ्या घरातलं कारण झालं. तुमचं काय? त्या दिवशी तुकडी परतली तेव्हा शेवटच्या दारातल्या माणसाला निघायचा इशारा कोणी दिला? दिला तरी होता का?

वहिनी पडद्यासमोर बसली आहे. उत्तर तिला द्या.