सुताराच्या हाताचं शेवटचं अक्षर

रुग्णालयाच्या तळमजल्यावर, औषधांच्या कोठाराला लागून, नोंदींची खोली होती. खिडकी एकच, तीही जिन्याकडे उघडणारी. समोरासमोर दोन टेबलं. एकावर ताई बसायच्या, दुसऱ्यावर मुंगी. हे नाव ताईंनीच ठेवलेलं. नवीन आली तेव्हा ही मुलगी फायलीतली ओळ न् ओळ अशी वेचायची, की ताई म्हणाल्या, "अगं, साखरेच्या पोत्यात मुंगी शिरावी तशी शिरतेस की तू!" झालं, तेव्हापासून झाडूवाल्यापासून मोठ्या डॉक्टरांपर्यंत सगळ्यांची ती मुंगीच.

काम म्हणाल तर सरळ. डॉक्टरांनी आजार शब्दांत लिहायचा, यांनी त्याचा कोड घालायचा. हात कोपराखाली मोडला, तर कुठलं हाड, कुठल्या जागी, डावा की उजवा, हे सगळं अक्षरा-आकड्यांत बसवायचं आणि सगळ्यात शेवटी एक अक्षर जोडायचं. हाड आतल्या आत मोडलं असेल तर 'ए'. कातडी फाटून जखम हाडापर्यंत गेली असेल, म्हणजे ओपन फ्रॅक्चर, तर 'बी'. डॉक्टरांनी काहीच लिहिलं नसेल तर 'ए' धरायचं, असा नियम. पुढे घरी पाठवताना रुग्णाच्या हातात जो छापील कागद पडतो, त्यावरची ओळ या कोडावरूनच उमटते.

"एवढंसं अक्षर," ताई शिकवताना म्हणायच्या, "पण त्याच्यामागे माणूस झोपलेला असतो हो. मनाचं काही घालायचं नाही. शंका आली की डॉक्टरला चिठ्ठी, उत्तर आलं की मगच बोट चालवायचं."

मुंगीने ते शब्द स्तोत्रासारखे पाठ केले. कामात गुरू भेटायला पुण्याई लागते. आपल्याला तो या कोंदट खोलीत भेटला म्हणून ती रोज मनातल्या मनात देवाला हात जोडायची.

दोन महिन्यांपूर्वी एका सुताराची फाइल तिच्याकडे आली होती. परांचीवरून पडून उजव्या हाताची कोपराखालची दोन्ही हाडं मोडलेली. सर्जननी तेवढंच लिहिलं होतं. पण परिचारिकेच्या नोंदीत, कोपऱ्यात, बारीक अक्षरात होतं: 'हातावर नखाएवढी जखम, रक्त थांबत नाही.' मुंगी तिथेच अडखळली. तिने सर्जनना चिठ्ठी पाठवली. हे सर्जन म्हणजे ताईंचे जावई. ताई त्यांना घरी जावईबापू म्हणायच्या आणि इथे सर, पण गडबडीत कधीकधी उलटं व्हायचं आणि अख्खा मजला हसायचा. तासाभरात उत्तर आलं: 'जखम हाडापर्यंत आहे.' खाली सही. मुंगीने 'बी' घातला, चिठ्ठी फायलीला टाचली आणि पुढची फाइल ओढली.

आज तोच सुतार पुन्हा दाखल झाला होता. हातात पू, अंगात ताप, हाडाला जंतू लागलेले. मुंगीने जुनी फाइल उघडली आणि कोडावर बोट ठेवलं. शेवटी 'ए' होता. टाचणीची दोन भोकं होती, चिठ्ठी नव्हती. पुढचं पान वाचलं. ओलसर प्लास्टर घेऊन सुतार महिन्यापूर्वी बाह्यरुग्ण विभागात आला होता. तिथल्या डॉक्टरांनी छापील कागद बघितला, बंद फ्रॅक्चर आहे, प्लास्टर घासलं असेल म्हणाले, आणि मलम देऊन घरी पाठवलं.

तिने कॉम्प्युटरवर बदलाची नोंद काढली. बदल करणाऱ्याचं नाव: तिचंच. वार मंगळवार, तारीख चौदा.

चौदा तारखेला ती इथे नव्हतीच. आईच्या डोळ्याचं ऑपरेशन होतं, ती दुसऱ्या दवाखान्यात बाकावर बसली होती. राहिलेल्या फायली अडू नयेत म्हणून आदल्या दिवशी तिने आपला पासवर्ड कागदावर लिहून ताईंना दिला होता. असं कुणी करत नाही, करू नये, पण ताई काय परक्या होत्या? दुपारी ताईंचा फोनही आला होता. "आईजवळ बस निवांत. तुझं काम मी बघते. मी आहे ना!" तेव्हा मुंगीचे डोळे भरून आले होते.

तिने मान वर केली. ताई समोरच बसल्या होत्या, चष्मा पुसत.

"ताई, सुताराच्या फायलीत..."

"हळू बोल." ताईंनी उठून दार लोटलं. म्हणजे त्यांना माहीत होतं. वाटच बघत होत्या.

"ओपन फ्रॅक्चर सहा तासांत ऑपरेशनला घ्यायचं, असा इथला दंडक आहे," ताई म्हणाल्या. "तो माणूस अकरा तास स्ट्रेचरवर पडून होता. जावईबापू बाहेरच्या एका ऑपरेशनला गेलेले. महिन्याच्या तक्त्यात त्यांचं नाव लाल शाईत आलं असतं. माझ्या लेकीचा संसार आहे गं. एक अक्षर बदललं. त्याला पू होईल हे मला काय स्वप्न पडलं होतं?"

"माझ्या नावाने बदललंत."

"माझ्या नावाने केलं असतं तर सासू-जावई म्हणून लोकांनी लगेच बोट दाखवलं असतं." ताईंनी तिच्या खांद्यावर हात ठेवला. "उद्या चौकशी आहे. चुकून झालं म्हण. लहान आहेस, समज देऊन सोडतील."

"काढून टाकतील, ताई. मग मला कोडिंगला कोण घेईल?"

"दुसरीकडे मी लावून देईन. मी आहे ना!"

तेच शब्द, तोच मायेचा सूर. मुंगीला खांद्यावरचा हात झटकताही येईना. एवढं ज्यांनी दिलं, त्यांच्यासाठी एवढं सोसायला नको का, असं सुद्धा एकदा मनात आलं. माणसाचं मन भोळं असतं, मार खाऊनही मारणाऱ्याच्या पदराआड लपायला बघतं.

ती वर वॉर्डात गेली. सुतार खाटेवर हात उशीवर ठेवून पडला होता. सुजलेली बोटं हलवून बघत होता, मोजल्यासारखी, एकेक.

"बाई, रंधा धरता येईल का हो पुन्हा?"

"डॉक्टर सांगतील," ती कसंबसं म्हणाली.

"कागदात चुकलं म्हणे. सकाळी खालच्या मोठ्या बाई येऊन गेल्या, चष्मेवाल्या. लई गोड बोलल्या. आमच्याकडे मुंगी म्हणून एक नवी पोर आहे, तिच्या हातून झालं, म्हणाल्या." तो थोडं हसला. "तुम्ही खालच्याच का? तिला सांगा, होतं चुकून. आणि साहेबांना म्हणावं, पोरीच्या पोटावर पाय नका देऊ."

सकाळी! म्हणजे तिला विचारण्याआधीच ताई तिचं नाव सांगून मोकळ्या झाल्या होत्या. मुंगीने खाटेचा लोखंडी दांडा धरला. तोवर कुठेतरी आशा होती, ती तिथे संपली.

दुसऱ्या दिवशी मोठ्या डॉक्टरांच्या खोलीत तिने बदलाची नोंद टेबलावर ठेवली. शेजारी चौदा तारखेचा रजेचा अर्ज ठेवला. मंजुरीची सही ताईंची होती.

"कोड फक्त नोंदींच्या खोलीतल्या कॉम्प्युटरवरूनच बदलता येतो, सर. त्या दिवशी मी आईजवळ होते. पासवर्ड मी दिला होता, ती माझी चूक. ती लिहून घ्या. अक्षर मी बदललेलं नाही."

मोठे डॉक्टर सर्जनकडे वळले. "जखम हाडापर्यंत होती?"

जावई सासूकडे बघेनात. बराच वेळ पेनचं टोपण काढलं, लावलं. मग म्हणाले, "होती."

बाहेर पडताना ताई मुंगीपाशी थांबल्या. "मीच शिकवलं तुला," एवढंच म्हणाल्या.

"हो, ताई," मुंगी म्हणाली.

दुपारी सर्जनची नवी चिठ्ठी खाली आली. मुंगीने ती फायलीला टाचली, 'बी' परत घातला, वॉर्डात सुधारलेला कागद पाठवला. मग पासवर्ड बदलायला बसली. जुना कागद परत घ्यावा म्हणून ताईंच्या रिकाम्या टेबलापाशी गेली, तर तो टेबलावरच्या काचेखाली नीट सरळ करून ठेवलेला दिसला. पासवर्डखाली तिच्याच अक्षरात एक ओळ होती: 'ताई, तुम्ही आहात म्हणून मी निर्धास्त जाते.'

काच जड होती. एकटीला ती उचलेना.