मावशीची एकुलती एक प्रत

मित्रांनो, मी आता ड्रॉवरच्या कोपऱ्यात पडून असते. पण एक गोष्ट ठासून सांगितल्याशिवाय मला चैन पडायचे नाही. मी खराब निघाले नाही, मला पाडले!

मी एक जुनी हार्ड डिस्क आहे. जुनी कसली, वॉरंटी संपायला अजून दोन महिने होते! कारखान्यातून निघाले ती एका निवृत्त शिक्षिकेच्या टेबलावर आले. तिचा भाचा तिला मावशी म्हणे, म्हणून माझीही ती मावशीच. अंध मुलांच्या शाळेसाठी ती पाठ्यपुस्तके मोठ्याने वाचून रेकॉर्ड करी. आवाज नको म्हणून पंखा बंद, खिडक्या बंद. ती घामाने निथळत वाचायची आणि मी शब्द न् शब्द पोटात ठेवायचे. एकशे नव्वद तास, मित्रांनो! एक काना-मात्रा हरवली नाही.

भाचा मला 'बॅकअप' म्हणे. बॅकअप म्हणजे दुसरी प्रत. पण या शहाण्याने जागा हवी म्हणून लॅपटॉपमधली पहिली प्रतच पुसून टाकली होती! एकुलत्या एक लेकीला कोणी धाकटी म्हणते का?

एका दुपारी इतिहासाचा शेवटचा धडा चालू असताना दाराची बेल वाजली आणि मावशी रेकॉर्डिंग तसेच चालू ठेवून उठून गेली. भाचा पाणी प्यायला निघाला, त्याचा पाय माझ्या वायरीत अडकला आणि मी थेट फरशीवर आपटले. माझ्या पोटातून नुसते कट् कट् येऊ लागले. मावशी परतली, तोवर मी पुन्हा टेबलावर होते.

"आपोआपच बंद पडली गं, मावशी. मालच खराब. वॉरंटीत बदलून घेऊ."

मालच खराब! चोर तो चोर, वर शिरजोर! जवळजवळ तीन वर्षे इमानेइतबारे राबले, त्याचे हे फळ. माझा नुसता जळफळाट झाला.

दुकानात तर कहरच झाला. फॉर्मवर विचारले होते, 'वस्तू पडली होती का?' भाच्याने खुशाल 'नाही' लिहिले.

दुकानदार म्हणाला, "नवी मिळेल, पण ही आमच्याकडेच राहील. आतलं काही परत मिळणार नाही."

"आणि आधी आतलं काढून घेतलं तर?" मावशीने विचारले.

"त्यासाठी उघडावी लागेल. उघडली की वॉरंटी गेली."

मावशीने फॉर्म ओढून घेतला. "रिकामा डबा नवा मिळून मी काय करू? पुढच्या महिन्यात मुलांची परीक्षा आहे."

दुरुस्तीवाल्या बाई नऊ दिवस माझ्याशी झटल्या. सगळे तास सुखरूप निघाले. शेवटची फाईल मावशी आणि भाचा शेजारी बसून ऐकत होते. तहाची दोन कलमे, मग बेल, मग मावशी: "आले, आले! तू त्या वायरीवरून जाऊ नकोस हं." नंतर चपलांची फटफट. "अरे, अरे, अरे..." आणि पुढे काही नाही.

भाच्याने मान खाली घातली. "माझ्याच पायानं पडली गं. तू रागावशील म्हणून बोललो नाही."

"भीती माझी वाटली, आणि बोल त्या मुकीला लावलास?"

इतक्या दिवसांत माझी बाजू घेणारे कोणी तरी भेटले! मला भरून आले.

आता टेबलावर नव्या दोन डिस्क आहेत, तिसऱ्या कलमापासूनचा धडा मावशीने त्यांवर पूर्ण केला, आणि एक प्रत शाळेतही असते. मित्रांनो, जे एकच आहे त्याला बॅकअप म्हणू नका. आणि वस्तूला तोंड नाही म्हणून आपली चूक तिच्या माथी मारू नका.

"मावशी, तो शेवटचा तुकडा कापू ना?" भाच्याने परवा हळूच विचारले.

"मुळीच नाही. धडा मध्येच का थांबला, ते मुलांना कळायला नको?"

आता शाळेतली सगळी मुले तहाची कलमे पाठ करतात, तेव्हा दुसऱ्या कलमानंतर भाच्याचे "अरे, अरे, अरे" ऐकतात आणि मगच तिसऱ्याकडे वळतात.