हिरव्या देवीचं दर्शन

सकाळी अंघोळ झाली की देवीचं दर्शन होईपर्यंत मी बोलत नाही. हा सासूबाईंचा नेम, त्यांच्यामागे मी धरला. परभणीकडचं गाव सोडून पुण्याकडे निघोजेत आलो तरी मोडला नाही. साडेसहाला गावचे ज्ञानदेव गुरव गाभाऱ्यातून व्हिडिओ कॉल लावतात, तेच माझं दर्शन.

पण दोन दिवस झाले, देवी हिरवी दिसत होती. मुखवटा पितळेचा, तोही हिरवा. हे दर्शन धरायचं की नाही, मला काही कळेना.

फोन मूळचा पुतण्याचा. सुजितनं गेमपायी तो रूट केलेला. म्हणजे फोनच्या आतलंसुद्धा आपल्याला हवं ते बदलता येतं म्हणे. आज पहाटे तो म्हणाला, “काकू, ग्राफिक्सचा ड्रायव्हर, म्हणजे पडद्यावर चित्र दाखवणारा प्रोग्राम, जुना झालाय. नवा टाकतो, रंग सरळ होतील.” टाकला, फोन बंद करून चालू केला, तेवढ्यात कंपनीची बस आली. “अडकला तर चालू होताना आवाज कमी करायचं बटण दाबून धरा!” असं जिन्यातून ओरडत तो पळाला.

आणि अडकलाच. फोनचं नाव यायचं, अंधार व्हायचा, पुन्हा नाव. ते बटण वरचं की खालचं? विचारावं तर अजून दर्शन नाही. शेवटी फोन घेऊन शेजारच्या मिनलच्या दारात उभी राहिले. तिला माझा नेम ठाऊक. तिनं आपल्या फोनवरून सुजितला लावला.

“काकू, काय दिसतंय?”

मी गप्प.

“काकू? रागावलात का?”

“अरे, त्यांचं दर्शन व्हायचंय,” मिनल म्हणाली.

“फोन चालू झाल्याशिवाय दर्शन नाही, आणि फोनला काय झालंय ते दर्शनाशिवाय सांगणार नाहीत! धन्य आहे. मिनलताई, खालचं बटण दाब. पटकन, मला गेटवर फोन जमा करायचाय.”

मिनलनं दाबलं, मग एकदा बंद करून चालू केला. नवा ड्रायव्हर गेला, जुनाच राहिला. लगेच गुरवांचा कॉल आला. देवी हिरवी, समईची ज्योतसुद्धा हिरवी.

“दिसतंय का, वहिनी?”

उत्तर आलं नाही की रेंज नाही समजून गुरव फोन ठेवतात. उत्तर द्यावं, तर दर्शन झालं असं धरावं लागणार. मी देवीच्या डोळ्यांकडे पाहिलं. डोळे तेच होते, रोजचे.

“दिसली,” मी म्हणाले.

“नवा शालू कसा वाटतो?”

मी मिनलकडे पाहिलं, तिनं माझ्याकडे.

“हिरवा?” मी भीत भीत विचारलं.

“हिरवाच! छान खुलतोय की नाही?”

शिफ्ट सुटल्यावर सुजित दारातूनच म्हणाला, “काय काकू, आले का रंग नीट?”

“एक आला,” मी म्हटलं. “शालूचा.”

त्याला काही कळलं नाही. गुरवांनी सांगेपर्यंत मला तरी कुठं कळलं होतं!